डोक्याचं हाड पोटात कशाला?

मैत्रिणींनो, या वेळी सगळी जागा एकाच पत्राला देत आहे. पत्र तालुक्याच्या गावाहून आलं आहे. नावगाव छापू नये अशी विनंती असल्यामुळे ते छापत नाही. या भगिनीच्या यजमानांना स्कूटरचा अपघात झाला. डोक्याला जबर मार लागला, त्याच रात्री ऑपरेशन झालं आणि जीव वाचला. आता ते घरी आले आहेत. पण डोक्याच्या डाव्या बाजूचं तळहाताएवढं हाड काढून डॉक्टरांनी ते पोटात ठेवलं आहे, आणि तीन महिन्यांनी परत बसवायचं असं सांगितलं आहे. सासूबाई म्हणतात, देवाच्या कृपेनं पोरगा वाचला, आता पुन्हा डोक्याला सुरी लावू द्यायची नाही. शेजारणी येतात त्या नुसत्या डोक्याकडे बघत बसतात. आणि ही बिचारी, झोपेत त्यांनी कूस बदलली तर काय होईल या धास्तीनं रात्ररात्र जागी असते. दुसरं ऑपरेशन करावं की टाळावं, हा तिचा प्रश्न.

भगिनी, उत्तर देण्याआधी डोकं उघडतात म्हणजे नेमकं काय करतात ते समजून घेऊ. जी गोष्ट कळलेली नसते तिची भीती दुप्पट वाटते.

ऑपरेशनच्या वेळी पूर्ण भूल दिलेली असते. पूर्वी सगळं डोकं भादरत, आता पुष्कळ ठिकाणी चिरेपुरतेच केस काढतात. डोक्याच्या कातडीला रक्ताचा पुरवठा फार. मुलाच्या डोक्याला साधी खोक पडली तरी किती रक्त येतं ते आपण आयांनी पाहिलेलंच असतं. म्हणून चीर देताच तिच्या कडांना ओळीनं छोटे चिमटे लावतात, वाळत घातलेल्या कपड्यांना आपण लावतो तसे. मग कातडी वहीच्या पानासारखी उलटून ठेवतात. चीर शक्यतो केसांच्या आत घेतात. पुढे केस वाढले की व्रण झाकला जातो.

खाली कवटीचं हाड. ते साधारण अर्धा-पाऊण सेंटिमीटर जाड असतं. त्याला गिरमिटासारख्या यंत्रानं एक-दोन भोकं पाडतात. हाड संपलं आणि पुढचा अडथळा गेला की हे यंत्र आपोआप थांबतं, तशी सोयच त्यात केलेली असते. मग भोकातून बारीक करवत घालून हाड कापत नेतात. या करवतीच्या टोकाला एक चिमुकला पाय असतो. तो हाडाच्या आतल्या अंगानं सरकतो आणि मेंदूवरचं आवरण सांभाळत जातो. शेवटी हाडाचा तुकडा झाकणासारखा अलगद निघतो.

ही यंत्रं येण्यापूर्वी तारेची करवत होती, आणि तिची हकिकत बायकांनी ऐकण्यासारखी आहे. इटलीतल्या लिओनार्दो जिग्ली या प्रसूतितज्ज्ञानं १८९० च्या दशकात ती तयार केली ती अडलेल्या बाळंतिणीसाठी! ओटीपोटाखालचं हाड कापून बाळाला वाट करून द्यायची, हा हेतू. पुढे सिझेरियन सुरक्षित झालं आणि बाळंतिणीला तिची गरज उरली नाही. पण मेंदूच्या सर्जननी ती उचलली, आणि कित्येक दशकं जगभर कवट्या उघडल्या त्या याच तारेनं.

झाकण निघालं तरी मेंदू लगेच दिसत नाही. त्यावर एक चिवट आवरण असतं. त्याला डॉक्टर ड्युरा मेटर म्हणतात. या लॅटिन नावाचा अर्थ ‘कठीण माता’. मेंदूला अगदी चिकटून असलेल्या नाजूक पापुद्र्याचं नाव पाया मेटर, म्हणजे ‘कोमल माता’. बाहेरची आई कडक, आतली मऊ! बाहेरचं आवरण उघडून रक्ताची गुठळी काढतात, किंवा गाठ असेल तर ती काढतात.

काम झालं की उलट क्रमानं सगळं बंद करत येतात. आवरणाला बारीक टाके घालतात. मेंदूभोवती सतत पाणी खेळत असतं, ते झिरपू नये म्हणून हे टाके फार काळजीनं घालावे लागतात. आवरण अपुरं पडलं तर आपण कापडाला ठिगळ लावतो तसं कवटीवरच्या पातळ पडद्याचं, मांडीतल्या पडद्याचं किंवा तयार मिळणारं ठिगळ जोडतात. मग हाड जागेवर ठेवून टायटॅनियमच्या छोट्या पट्ट्या आणि अगदी बारीक स्क्रूंनी पक्कं करतात. टायटॅनियम लोहचुंबकाला चिकटत नाही, त्यामुळे पुढे एमआरआय तपासणी करायची झाली तरी सहसा अडचण येत नाही. शेवटी कातडी शिवली की झालं.

मग आपल्या भगिनीच्या यजमानांचं हाड लगेच का नाही बसवलं? पाय मुरगळला तर तो बाहेरून टम्म सुजतो. मेंदूला तशी सुजायला जागाच नसते. कवटी ही बंद पेटी. त्यात साधारण चौदाशे ग्रॅम मेंदू, थोडं रक्त आणि थोडं पाणी गच्च बसलेलं. मोठ्या माणसाची कवटी ताणली जात नाही, हे एडिनबरोच्या अलेक्झांडर मन्रो यांनी १७८३ साली लिहून ठेवलं. जबर मार लागून मेंदू सुजला की आतला दाब वाढतो, रक्त पोचेनासं होतं, आणि श्वास चालवणाऱ्या भागावर दाब आला तर जीव जातो. दूध वर यायला लागलं की आपण झाकण काढतो ना, तसं इथं हाडाचं झाकण काही काळ काढून ठेवतात. तुकडाही मुद्दाम मोठा, बारा सेंटिमीटर किंवा त्याहून मोठा काढावा लागतो. भोक लहान राहिलं तर सुजलेला मेंदू त्याच्या कडांवर दाबला जाईल. तेव्हा ‘अर्धं डोकं कापलं’ असं शेजारणी म्हणत असतील तर त्यांना सांगा, सुजेला जागा करून दिली म्हणून माणूस वाचला.

हाड पोटात ठेवलं म्हणजे आतड्यांत नव्हे. पोटाच्या कातडीखाली चरबीत एक खिसा करून ते ठेवतात. तिथं ते नीट राहतं, शरीर त्याला परकं मानत नाही, आणि रुग्ण कुठल्याही गावाला गेला तरी हाड त्याच्याबरोबरच असतं. काही मोठ्या रुग्णालयांत ते उणे ऐंशी अंशांच्या फ्रीझरमध्ये ठेवतात. हाडाचा चुरा झाला असेल किंवा त्यात जंतू शिरले असतील, तर टायटॅनियमची जाळी किंवा रुग्णाच्या डोक्याच्या मापानं बनवलेला कृत्रिम तुकडा बसवतात.

आता सासूबाईंचा प्रश्न. त्यांची काळजी अगदीच खोटी नाही. दुसऱ्या ऑपरेशनमध्येही जंतुसंसर्ग, रक्तस्राव, झटके असे धोके असतात, आणि काही जणांचं बसवलेलं हाड पुढे झिजतं. पण न बसवण्याचे धोकेही समजून घ्या. त्या बाजूला मेंदू आणि बाहेरचं जग यांच्यामध्ये फक्त कातडी आणि आवरण आहे. न्हाणीघरात पाय घसरला तरी केवढं संकट! सूज उतरली की कातडी आत ओढली जाते, आणि काहींना डोकेदुखी, चक्कर, हातापायांत अशक्तपणा असे त्रास सुरू होतात. हाड बसवल्यावर त्यांत बऱ्याच जणांना आराम पडतो. पोटात फार काळ राहिलेलं हाडही झिजत जातं. शिवाय या वेळी बहुधा मेंदूला हात लावायचाच नसतो, फक्त झाकण परत बसवायचं असतं. म्हणून सूज उतरलेली असेल, जखम स्वच्छ असेल आणि डॉक्टर वेळ झाली म्हणत असतील, तर उगाच लांबवू नये असं मला वाटतं.

सासूबाईंना जीवकाची गोष्टही सांगा. बौद्धांच्या विनयग्रंथांत ती आहे. राजगृहातल्या एका श्रेष्ठीचं डोकं सात वर्षं दुखत होतं. बिंबिसार राजाच्या या वैद्यानं आधी त्याच्याकडून कबूल करून घेतलं, की एका कुशीवर सात महिने, दुसऱ्या कुशीवर सात महिने आणि उताणं सात महिने पडून राहीन. मग त्याला खाटेला बांधून डोक्याची कातडी कापली, कवटीचा सांधा उघडला, आतले दोन किडे काढले, सांधा मिटवून कातडी शिवली आणि लेप लावला. श्रेष्ठी सात-सात दिवसांतच कंटाळत गेला, आणि एकवीस दिवसांत बरा झाला. तेव्हा जीवक म्हणाला, मी सात महिने म्हटलं नसतं तर तू एवढे दिवसही पडून राहिला नसतास! किड्यांचं राहू द्या, पण उघडलेलं डोकं नीट मिटवून, शिवून, मग विश्रांती द्यायची, हा क्रम आपल्याकडे किती जुना आहे पाहा.

हाड बसेपर्यंत घरात एवढं सांभाळा.

हाड नसलेल्या बाजूवर झोपू देऊ नका. त्या अंगाला लोड किंवा उशा लावून ठेवा, आणि मग तुम्हीही थोडी झोप घ्या. तुम्ही आजारी पडलात तर घर कोण बघणार?

चालताना-फिरताना डोक्याला हेल्मेट किंवा डॉक्टर सांगतील ते संरक्षण हवं. न्हाणीघराची फरशी कोरडी ठेवा. लहान मुलांना खांद्यावर, डोक्यावर चढू देऊ नका. दुसऱ्या दवाखान्यात जायची वेळ आली तर या बाजूला हाड नाही, हे आधी सांगा.

जखमेवर हळद, तेल, लेप काही लावू नका. चंपी तर नाहीच. न्हाऊ कधी घालायचं ते डॉक्टरांना विचारा.

झटके येऊ नयेत म्हणून गोळ्या दिल्या असतील तर बरं वाटतंय म्हणून आपल्या मनानं बंद करू नका.

बसल्यावर ती जागा खोलगट दिसते, खोकताना थोडी वर येते. त्याला घाबरू नका. पण ती फुगून कडक झाली, ताप आला, डोक्यावरच्या किंवा पोटावरच्या जखमेतून पाणी किंवा पू येऊ लागला, उलट्या झाल्या, झटका आला, माणूस सुस्त झाला किंवा एखादा हात-पाय लुळा वाटला, तर सकाळची वाट न पाहता त्याच वेळी रुग्णालयात न्या.

आणि संमतीच्या कागदावर सही करण्याआधी डॉक्टरांना हे प्रश्न विचारा. पोटातलं हाड वापरण्याजोगं आहे का? नसेल तर दुसरं काय बसवणार आणि त्याचा खर्च किती? सरकारी योजनेत तो बसतो का? किती दिवस राहावं लागेल? झटक्याच्या गोळ्या पुढे किती काळ घ्यायच्या? प्रश्न घरूनच कागदावर लिहून न्या, आणि जमलं तर सासूबाईंनाही बरोबर न्या. डॉक्टरांचं बोलणं त्यांनी स्वतःच्या कानांनी ऐकलं, की तुमचं अर्धं ओझं उतरेल.