झगमगाट हा संमतीचा दाखला नव्हे

पोर्नपटाचा खर्च वाढला, कॅमेरा देखणा झाला, कपड्यांना फॅशन मासिकाची झाक आली, की या धंद्याला कलेचा दर्जा मिळाला असे हिरिरीने सांगितले जाते. २००५ च्या अमेरिकन पोर्नपट ‘पायरेट्स’चा दाखला ठरलेला : सुमारे १० लाख डॉलर खर्चाचा गवगवा, शिडाचे जहाज, समुद्री चाच्यांचे पोशाख. खर्च झाला, मान्य. पण पडद्यावर पैसा ओतला म्हणून पडद्यामागे माणसाला मानाने वागवले, हे अनुमान मला साफ अमान्य आहे.

१९७९ चा ‘कॅलिग्युला’ हा चित्रपट पाहा. ‘पेंटहाउस’ मासिकाचा मालक बॉब गुचोनी याने त्यात सुमारे १ कोटी ७५ लाख डॉलर घातले. नेपथ्य आणि वेशभूषा दानिलो दोनाती यांची. दिग्दर्शक फेलिनींच्या ‘कॅसानोव्हा’च्या वेशभूषेसाठी ऑस्कर मिळवलेला हा माणूस. समोर माल्कम मॅकडॉवेल, हेलन मिरेन, पीटर ओटूल, जॉन गिलगुड. यापेक्षा भारदस्त जमवाजमव कोण करणार? आणि झाले काय? मुख्य चित्रीकरण आटोपल्यावर गुचोनी रात्री गुपचूप त्याच सेटवर गेला, आपल्या मासिकाच्या मॉडेल घेऊन उघड संभोगाची दृश्ये टिपली आणि दिग्दर्शक टिंटो ब्रास यांना डावलून ती चित्रपटात घुसडली. ब्रास यांनी दिग्दर्शक म्हणून नाव लावू दिले नाही. नटांनी होकार दिला होता एका चित्रपटाला, ते दिसले भलत्याच चित्रपटात. दोनातींचे रेशीम त्यांच्या कामी आले नाही.

फॅशनचे नाव तर सापळा म्हणूनही वापरले गेले. सॅन डिएगोच्या ‘गर्ल्स डू पॉर्न’ या पोर्न संकेतस्थळाने तरुणींना मॉडेलिंगच्या जाहिराती देऊन बोलावले आणि चित्रफिती इंटरनेटवर येणार नाहीत अशी खोटी हमी दिली. जानेवारी २०२० मध्ये न्यायालयाने २२ स्त्रियांना सुमारे १ कोटी २७ लाख डॉलर देण्याचा निकाल दिला.

मोठ्या खर्चात काम सुरक्षित होते, असा एक युक्तिवाद उरतो. पैशाने विश्रांती, वैद्यकीय तपासणी, जाणती माणसे मिळू शकतात, हे खरेच. पण ती मिळतात कराराने, कलाकाराच्या हाती हक्क असेल तेव्हा. म्हणून माझी कसोटी करारापासून सुरू होते. कोणते दृश्य, कोणासोबत, हे आधी लेखी ठरले होते का? ऐनवेळी ‘नको’ म्हणणाऱ्या बाईचे मानधन कापले गेले का? चित्रफीत कुठे विकली जाणार, हे तिला ठाऊक होते का? या प्रश्नांना स्वच्छ उत्तर मिळाले, तर साध्या खोलीत केलेले चित्रीकरणही मला सभ्य वाटेल. नाही मिळाले, तर राजवाड्यातलेही नाही.

वेशभूषाकाराचे, छायाचित्रणाचे कौतुक जरूर करावे. ते कसबाचे काम आहे. मात्र या चित्रपटांवर लिहिणाऱ्यांनी कपडे कोणाचे हे विचारताना करार कसा होता, हेही विचारावे आणि उत्तर छापावे.