टांच आलेली मालमत्ता व ठेवीदारांचा हक्क

बीड येथील ज्ञानराधा मल्टिस्टेट पतसंस्थेचे व्यवहार 2023 सालीं ठप्प झाले. पुढील वर्षीं जूनमध्यें संस्थेच्या अध्यक्षांस अटक झाली, आणि ऑक्टोबरमध्यें अंमलबजावणी संचालनालयानें सुमारें 1,000 कोटी रुपयांच्या मालमत्तेवर टांच आणिली. दरसाल दरशेंकडा 12 ते 14 रुपये व्याजाच्या आशेनें लाखों लोकांनीं या संस्थेंत पैसा ठेविला होता. बीड जिल्हा हा कापूस पिकविणाऱ्यांचा व ऊसतोडीस परमुलखीं जाणाऱ्यांचा. परळी तालुक्यांतील सिरसाळ्यासारख्या गांवीं ठेव म्हणजे मुलीचें लग्न, बैलजोडी किंवा म्हातारपणची भाकर. अशा ठेवीदारानें एकच प्रश्न विचारावा हें साहजिक आहे: मालमत्ता विकून पैसा आला, तर तो खटल्याच्या निकालापूर्वीं आमच्या हातीं कां पडूं नये?

दिवाणी कायद्याचा सामान्य नियम या मागणीच्या विरुद्ध आहे, हें प्रथम कबूल केलें पाहिजे. निकालापूर्वींची टांच ही केवळ राखण होय. तिनें सावकाराचा हक्क निर्माण होत नाहीं. हुकूमनामा मिळाल्यावांचून वांटणींत भाग नाहीं. जो सावकार आधीं धांवला त्यानें सर्व उचलावें व मागें राहिलेल्यांनीं हात चोळीत बसावें, असा अन्याय टाळण्यासाठींच हा नियम आहे, आणि तो योग्यच आहे.

परंतु ठेवीदारांची गोष्ट निराळी. त्यांच्यासाठीं महाराष्ट्रानें 1999 सालीं ठेवीदार हितसंरक्षणाचा स्वतंत्र कायदा केला. सरकारनें टांच आणावी, उपजिल्हाधिकाऱ्याहून कमी दर्जाचा नसेल असा सक्षम अधिकारी नेमावा, विशेष न्यायालयानें हरकतदारांचें म्हणणें ऐकून टांच कायम करावी व आलेला पैसा ठेवीदारांत न्याय्य रीतीनें वांटण्याचा हुकूम द्यावा, अशी त्याची योजना आहे. मनी लाँडरिंगच्या कायद्यांतही 2018 सालीं दुरुस्ती होऊन, खटला चालूं असतांनाच हक्कदारास मालमत्ता परत देण्याचा अधिकार विशेष न्यायालयास मिळाला. मग उणीव कायद्याची नसून तो वापरण्याच्या निश्चयाची आहे, असें आम्हांस वाटतें.

आरोपी निर्दोष ठरला तर काय, असा आक्षेप कोणी घेतील. त्यास आमचें उत्तर असें कीं, गुन्हा व देणें या दोन भिन्न गोष्टी आहेत. गुन्हा सिद्ध होवो वा न होवो, पावती देऊन घेतलेल्या ठेवीचें देणें हें देणेंच राहतें. जेथें मालमत्ता तिऱ्हाइताच्या नांवें आहे किंवा बँकेकडे गहाण आहे, तेथें मात्र आधीं मालकीचा निवाडा व्हावा; त्यावांचून वांटणी करणें म्हणजे एकाचा अन्याय दुसऱ्याच्या माथीं मारणें होय.

विजय मल्ल्या यांच्या प्रकरणांत मालमत्तेपैकीं 14,131 कोटी रुपये सरकारी बँकांस परत मिळाल्याचें अर्थमंत्र्यांनीं डिसेंबर 2024 मध्यें लोकसभेंत सांगितलें. त्यांच्यावरील फौजदारी खटल्याच्या निकालासाठीं बँकांस थांबावें लागलें नाहीं. हें उचितच झालें. परंतु जो न्याय मोठ्या बँकांस सुलभ झाला, तो सिरसाळ्याच्या शेतकऱ्यास दुर्लभ कां असावा? बँकेपाशीं वकील आहेत, ठेवीदारापाशीं केवळ एक मळकें पुस्तक आहे. कायद्याच्या दृष्टीनें मात्र दोघांचा हक्क सारखा.

मार्ग अपरिचित नाहीं. पर्ल्स कंपनीच्या प्रकरणांत सर्वोच्च न्यायालयाच्या 2016 च्या आदेशानें नेमलेल्या न्यायमूर्ति लोढा समितीनें लहान रकमांचे दावे आधीं भागविले. तोच क्रम येथें धरावा. ठेवीदारांच्या याद्या गांववार तयार करून तहसील कचेरींत व ग्रामपंचायतींत लावाव्या. हरकतीस मुदत द्यावी. विक्री जाहीर लिलावानें व्हावी. वादग्रस्त दाव्यांपुरती रक्कम राखून बाकीची प्रमाणशीर वांटावी. टांच एका यंत्रणेची व वांटणी दुसरीची, या ओढाताणींत ठेवीदार भरडला जाऊं नये, ही जबाबदारी सरकारची आहे.

ठेवीदारांसही आमचें सांगणें आहे. पावत्या जपून ठेवा, दावा मुदतींत दाखल करा, आणि 'तुमचें काम आधीं करून देतों' म्हणणाऱ्या दलालापासून दूर राहा. कुलूपबंद इमारतींची पडझड होते, यंत्रें गंजतात. निकालाची वाट पाहतां पाहतां वांटण्यासारखें कांहींच उरलें नाहीं, तर त्या निकालानें अपराध्यास शिक्षा होईल, पण ज्याचें बुडालें त्यास न्याय मिळणार नाहीं.