हिरो बोलत नाहीत, आणि आपण?

"आपले हिरो कधी तोंड उघडत नाहीत," हे टपरीवर रोज ऐकतो. मीही म्हणायचो. मग तुर्कस्तानच्या तारिक आकानबद्दल वाचलं.

१९७० मध्ये एका मासिकाची स्पर्धा जिंकून हा देखणा पोरगा सिनेमात आला. प्रेमकथा, विनोदी सिनेमे, सगळं मस्त चाललेलं. तरी १९७८ मध्ये 'मादेन'मध्ये खाणकामगार झाला. १९८० ला लष्करानं सत्ता घेतली, आणि जर्मनीतल्या एका भाषणावरून त्याला तुरुंगात टाकलं. 'योल'मध्ये तो कैदी झाला. १९८२ ला कानला त्या सिनेमाला सर्वोच्च पुरस्कार विभागून मिळाला. मायदेशात मात्र १९९९ पर्यंत बंदी! तुरुंगातल्या दिवसांवर त्यानं पुस्तकही लिहिलं. २०१६ मध्ये तो गेला, पण शेवटपर्यंत गप्प बसला नाही.

आता आपलं बघा. गावच्या पाण्यावर मी पोस्ट टाकली की लाईक दहा-बारा. इनबॉक्सात मात्र पन्नास जण, "साहेब, बरोबर लिहिलंत, फक्त आमचं नाव नको."

मंडळी, हिरोकडून हिंमत मागायची, तर आपण निदान उघड लाईक तरी करायला नको का?