होकार किती फ्रेमचा?

जपानी छायाचित्रकार नोबुयोशी अराकी यांचे काम आपल्यापैकी अनेक फोटोग्राफरांनी अभ्यासले आहे. काओरी ही नर्तिका २००१ ते २०१६ या काळात त्यांची मॉडेल होती. एप्रिल २०१८मध्ये तिने लिहिले, की लेखी करार कधी झालाच नाही, परक्या माणसांदेखत नग्न उभे राहावे लागले, आणि आपले फोटो कुठल्या पुस्तकात जातात हे कुणी विचारले नाही.

मग ती इतकी वर्षे गेली कशाला, असे आपल्यात लगेच विचारले जाते. नकार दिला असता तर तिचे काय काय गेले असते, हे मात्र कुणी विचारत नाही.

हा प्रश्न आपल्याकडेही आहे. टीएफपी, म्हणजे फोटोंच्या बदल्यात वेळ देण्याची शूट्स घ्या. पैसे कुणीच द्यायचे नाहीत. मॉडेलला पोर्टफोलिओ, आपल्याला सराव. व्यवहार बरोबरीचा वाटतो. पण नोकरीत किंवा मोबदला घेऊन काढलेला नसेल, तर १९५७च्या कॉपीराइट कायद्याने फोटोचा पहिला मालक फोटोग्राफरच. कार्ड आपले, निवड आपली, इन्स्टाग्रामवर कधी टाकायचे तेही आपणच ठरवणार. मेकअप झालाय, लाइट लागलेत, असिस्टंट ताटकळलाय, आणि आपण सहज म्हणतो, ‘अजून एक बटण उघडतेस का?’ सगळ्यांच्या नजरा तिच्याकडे असताना ती नाही म्हणेल कशी? आवाज चढवणाऱ्या फोटोग्राफरला निदान ओळखता तरी येते. गोड बोलणाऱ्याचे तसे नाही.

मॉडेल रिलीजचे, म्हणजे मॉडेलकडून सही करून घेतलेल्या संमतिपत्राचे म्हणाल, तर ‘कुठेही, कधीही, कोणत्याही कारणासाठी’ छापाचा कागद आपले रक्षण करतो, तिचे नाही. कायदा याहून शहाणा आहे. स्त्रीने खासगी क्षणाचे चित्रण करू दिले, पण ते इतरांना दाखवायला संमती दिली नसेल, तर ते पसरवणे हा भारतीय न्याय संहितेच्या कलम ७७खाली गुन्हा आहे. त्याआधीच्या भारतीय दंडविधानातही २०१३पासून हेच होते.

म्हणून सह्या दोन हव्यात. पहिली शूटच्या आधल्या दिवशी: कपडे कोणते, खोलीत कोण कोण असणार. दुसरी निवडलेल्या फ्रेम तिला दाखवून: यातल्या कोणत्या, कुठे छापायच्या. याने उत्स्फूर्तता मरते म्हणणाऱ्यांनी ती नेमकी कुणाची, तेही सांगावे.

आपल्या नियतकालिकाच्या पुढच्या अंकापासून न्यूड आणि ग्लॅमर विभागासाठी पाठवलेल्या फोटोंसोबत ही दुसरी सही जोडावी. ती नसेल तर फोटो कितीही चांगला असला तरी परत येईल.