खाणपट्ट्याचे हस्तांतर आणि भूसंपादनाचे भिजत घोंगडे

सरकारने जमिनीच्या संपादनाची अधिसूचना काढावी, प्रकरण दप्तरात पडून राहावे, आणि तेवढ्यात त्याच जमिनीवरील खाणपट्टा एका धन्याकडून दुसऱ्याकडे जावा, हे कायद्यास मान्य आहे काय? ग्वाल्हेरच्या थाटीपुरातील रहिवासी असो वा चंदगडचा शेतकरी, भूसंपादनाचा केंद्रीय कायदा दोघांस एकच आहे. तेव्हा हा प्रश्नही दोघांचाच आहे.

१८९४ च्या जुन्या कायद्यात अशा व्यवहारास उघड मनाई नव्हती. तथापि अधिसूचनेनंतरचा खरेदीदार संपादनास आव्हान देऊ शकत नाही, फार तर मूळ मालकाच्या जागी उभा राहून भरपाई मागू शकतो, असे सर्वोच्च न्यायालयाने १९९६ साली उत्तर प्रदेश जलनिगमच्या खटल्यात व पुढेही वारंवार बजावले. २०१३ च्या कायद्याने तर दारच लावून घेतले. त्याच्या कलम ११ अन्वये, प्राथमिक अधिसूचनेपासून प्रकरण पुरे होईपर्यंत, जिल्हाधिकाऱ्यांनी विशेष सूट दिल्याखेरीज त्या जमिनीचा व्यवहार करता येत नाही. आणि या कायद्याच्या व्याख्येत ‘जमीन’ म्हणजे जमिनीपासून मिळणारे लाभही! खाणपट्टा हा असा लाभच नव्हे, असे म्हणावयास मोठेच धाडस हवे.

परंतु खाणींचा १९५७ चा कायदा दुसऱ्या दालनात बसतो. २०१५ साली त्यात घातलेल्या कलम १२-अ प्रमाणे हस्तांतराच्या अर्जावर राज्य सरकारने ९० दिवसांत काही कळविले नाही, तर हरकत नाही असे समजावयाचे. (दगड-वाळूसारख्या गौण खनिजांस हे कलम लागू नाही, तेथे ज्या त्या राज्याचे नियम.) संपादन महसूल खात्याकडे, पट्टा खनिज खात्याकडे, आणि एका खात्याचे मौन ही दुसऱ्या खात्याच्या मनाईवर मात ठरावी, हा न्याय कोणता? सरकारी दप्तरात ९० दिवस म्हणजे किती, हे आमच्या वाचकांस सांगावयास नको.

कोळशाच्या बाबतीत संसदेने १९५७ सालीच हा पेच ओळखला होता. कोळसा क्षेत्रांच्या संपादन कायद्यात अधिसूचना निघताच त्या जमिनीवर खोदण्याचा पट्टेदाराचा अधिकार स्थगित होतो. वणी-चंद्रपूरच्या कोळशास जे शहाणपण लागू, ते लोहखनिजास व बॉक्साइटास का नसावे?

यात नाडला जातो तो पृष्ठभागाचा मालक. जुना पट्टेदार पैसे घेऊन निघून जातो, नवा भरपाईच्या रांगेत उभा राहतो, आणि शेतात उरतात ते खड्डे व मातीचे ढिगारे. ते बुजवावयाचे कोणी? दोघेही एकमेकांकडे बोट दाखवितात. गोव्यात काय घडले? तेथील पट्ट्यांची मुदत २००७ च्या नोव्हेंबरातच संपली होती, असा निर्वाळा सर्वोच्च न्यायालयाने २०१४ साली दिला. खोदकाम मात्र २०१२ पर्यंत चालूच होते. कागद संपला तरी कुदळ थांबत नाही, ती अशी.

म्हणून आमची मागणी अगदी साधी आहे. हस्तांतराच्या प्रत्येक अर्जासोबत त्या गट क्रमांकावर संपादन प्रलंबित नसल्याचा जिल्हाधिकाऱ्यांचा दाखला सक्तीचा करावा. तो मिळेपर्यंत ९० दिवसांची मोजणी सुरूच होऊ नये. आणि खड्डे भरण्याची जबाबदारी कोणाची, हे पट्टा हातचा जाण्यापूर्वी गावच्या चावडीवर वाचून दाखवावे.