‘ध’चा ‘मा’ आणि एक जादा ‘आय’

कथेचें नांव इंग्रजी लिपींत लिहितांना त्यांत एखादें अक्षर वाढविलें कीं त्या कथेचें भाग्य उजळतें, अशी एक विद्या निदान २००० सालापासून आमच्या चित्रपटसृष्टींत राजरोसपणें नांदत आहे. तिला ‘अंकशास्त्र’ असें भारदस्त नांव मिळालें असलें, तरी तिच्यांत शास्त्र म्हणण्याजोगें काय आहे तें एकदां तपासून पाहावयास हवें. कारण हें लोण आतां पडद्यापुरतें राहिलेलें नाहीं. मुलाच्या नांवांत एक ‘ए’ घालावा कीं दोन, याचा सल्ला सुशिक्षित आईबापहि पैसे मोजून घेऊं लागले आहेत.

‘कहानी घर घर की’ ही मालिका २००० सालीं सुरू झाली. तिच्या शेवटच्या ‘की’ला दोन ‘आय’ होते. २००८ च्या ‘सिंग इज किंग’मधील ‘किंग’ला दोन ‘एन्’ मिळाले. आतां हींच नांवें देवनागरींत लिहून पाहा. तो जादा ‘आय’ कोठें गेला? कानाला तो ऐकूं येत नाहीं, नागरी वाचणाऱ्याच्या डोळ्याला दिसत नाहीं. ज्या भाषेंत कथा सांगितली तिच्या लिपींत ज्याला जागाच नाहीं, तें अक्षर कथेचें दैव कोणत्या वाटेनें पालटतें?

शिवाय या विद्येच्या आचार्यांतहि एकमत नाहीं. ‘कीरो’ या नांवानें गाजलेल्या विल्यम जॉन वॉर्नर (१८६६–१९३६) या हस्तसामुद्रिकाच्या कोष्टकांत ‘आय’ची किंमत १ आहे, पायथागोरसाच्या नांवावर खपणाऱ्या कोष्टकांत ती ९ आहे. बेरजेचे अंक पुन्हां मिळवीत एका अंकावर यावयाचें, ही यांची रीत. या रीतींत ९ मिळविल्यानें उत्तर मुळींच बदलत नाहीं, हें प्राथमिक शाळेंतील मूलहि पडताळून पाहील: ५ आणि ९ मिळून १४, १ आणि ४ मिळून पुन्हां ५. म्हणजे एका गुरूच्या मतें जें अक्षर नशीब पालटतें, तें दुसऱ्याच्या मतें घातलें काय नि न घातलें काय, सारखेंच!

येथें अडलें म्हणजे समर्थक परंपरेचा पदर धरतात. वर्णांत सामर्थ्य असतें असें पूर्वजच सांगून गेले ना? सांगून गेले, पण काय सांगून गेले तें नीट ऐकावें. इंद्राचा सूड घेण्यासाठीं त्वष्ट्यानें यज्ञ केला, ‘इंद्रशत्रु’ शब्दाचा स्वर चुकला, आणि इंद्राला मारणारा व्हावयाचा तो वृत्र इंद्राकडून मारला गेला. पतंजलीनें ही कथा महाभाष्यांत आठविली ती व्याकरण कां शिकावें हें सांगण्यासाठीं. शेवटचा स्वर उदात्त असेल तर तत्पुरुष, पहिला असेल तर बहुव्रीहि. स्वराबरोबर समास बदलतो, समासाबरोबर अर्थ, आणि अर्थाबरोबर कथा. ‘ध’चा ‘मा’ याच जातीचा. ३० ऑगस्ट १७७३ रोजीं शनिवारवाड्यांत नारायणराव पेशव्यांचा खून झाला. पत्रांतील ‘धरावें’चें ‘मारावें’ आनंदीबाईंनीं केलें ही आख्यायिका खरी असो वा नसो, ती मराठी माणसाच्या मनांत रुजली, कारण धरणें आणि मारणें यांत एका जीवाचें अंतर आहे. ‘धरावें’मध्यें नुसता एक जादा ‘ध’ घालून तें पत्र गारद्यांच्या हातीं दिलें असतें, तर लिहिणाराचा हात कांपला असें समजून त्यांनीं नारायणरावांना धरलेंच असतें.

अक्षरांना अंक देण्याची कटपयादि पद्धति आमच्याकडे जुनी आहे, तीहि या मंडळींच्या उपयोगाची नाहीं. कर्नाटक संगीतांतील ७२ मेळांमध्यें शंकराभरणाच्या आधीं ‘धीर’ जोडलें आहे: ध म्हणजे ९, र म्हणजे २, उलट वाचून २९, मेळहि एकोणतिसावाच. येथें नांव बदललें तें शिकणाऱ्याला मेळ चटकन् सांपडावा म्हणून. ‘धीर’ लावल्यानें मैफल रंगेल, असें या पद्धतीनें कोणाला सांगितलेलें नाहीं.

आमचा खरा आक्षेप मात्र गणितावर नाहीं. कथा पडली तर ती कां पडली, हा प्रश्न लेखकानें स्वतःस विचारावयाचा असतो. कोठें पात्र खोटें झालें, कोठें प्रसंग लांबला, हें शोधण्याचे ते क्लेश असतात. त्या क्लेशांतून सुटण्याची ही पळवाट आहे. १९८० च्या ‘कर्ज’ला इंग्रजींत एकच ‘झेड’ होता. २००८ च्या नव्या आवृत्तीला चार होते, आणि ती साफ पडली. त्यामुळें ज्योतिषाचें दुकान बंद झालें नाहीं. कथा चालली तर यश अक्षराचें, आणि पडली तर अक्षर कमी पडलें! उलट ‘शोले’ (१९७५) आरंभीं थंड होता, आणि पुढें मुंबईच्या मिनर्व्हा चित्रगृहांत पांच वर्षें चालला. त्याच्या नांवांतील अक्षरें होतीं तेथेंच होतीं; लोक पाठ म्हणत ते सलीम–जावेद यांनीं लिहिलेले संवाद.

हीच पळवाट आतां आपण घरांत आणीत आहों. मुलगा नापास झाला तर त्याच्या शेजारीं बसून वही पाहण्यापेक्षां नांवांत ‘ए’ वाढविणें सोपें वाटतें. मग शाळेच्या दाखल्यावर एक नांव, आधारपत्रावर दुसरें, पारपत्रावर तिसरें. तिन्हींचा मेळ घालण्यासाठीं शपथपत्र करा, राजपत्रांत नांवबदल छापून आणा. तोंवर मुलगा बिचारा घरांत ‘बाळ्या’ या जुन्याच हाकेला ओ देत असतो.