कात्री कुणाच्या हातात होती?

जंप कट म्हटलं की गोदार. सिनेमावेड्यांच्या कुठल्याही ग्रुपवर विचारा, हेच उत्तर येतं. ‘ब्रेथलेस’ची (१९६०) फिल्म प्रत्यक्ष कापणाऱ्या सेसिल देक्युजिसचं नाव किती जण घेतात? कल्पना गोदारची, मान्य. पण नेमक्या कुठल्या फ्रेमवर कापायचं, हे टेबलावर ठरतं. (अल्जीरियाच्या स्वातंत्र्यलढ्याला मदत केली म्हणून ही बाई तुरुंगातही गेली. पण तो वेगळा लेख.)

माझं खरं भांडण जॅकी रेनालवरून आहे. तिची गोष्ट सांगायचा साचा ठरलेला: आधी ती रोमेरची संकलक होती, मग १९६८मध्ये तिने ‘द्यो फ्वा’ केला आणि ती ‘कलावंत झाली’. म्हणजे आधीची वर्षं काय, वेटिंग रूममध्ये बसून काढली?

त्या वर्षांत तिने ‘पारी व्यु पार’ (१९६५) जोडला. सहा दिग्दर्शकांच्या सहा गोष्टी. रूश, रोमेर, शाब्रोल, गोदार सगळे एकाच सिनेमात. मग रोमेरचा ‘ला कलेक्सिओनोज’ (१९६७). माणसं बोलत राहतात, बोलत राहतात. बोलणाऱ्याचा चेहरा ठेवायचा की ऐकणाऱ्याचा, आणि किती वेळ? ज्याला हे किरकोळ वाटतं त्याने स्वतःचं एक मिनिटाचं रील कापून बघावं.

मे ६८च्या धामधुमीत सिल्विना ब्वासोनाच्या पैशावर ‘झांझिबार’ नावाखाली काही तरुणांनी सिनेमे केले. ‘द्यो फ्वा’ त्यातलाच, बार्सिलोनात चित्रित केलेला. सुरुवातीला रेनाल टेबलाशी बसून जेवते आणि पुढे काय दिसणार ते सांगूनच टाकते. झालं, उत्सुकतेचा निकाल! मग लांबच लांब शॉट्स. औषधांच्या दुकानात साबण घ्यायचा प्रसंग पुन्हा पुन्हा येतो.

यावर म्हणतात, संकलकाने संकलनच सोडून दिलं. साफ चूक. सिनेमाच्या नावाचा अर्थच ‘दोनदा’. एकच कृती पुन्हा पुन्हा कोण बघतं? टेबलाशी बसलेला संकलक! पहिला टेक, दुसरा, पाचवा. प्रेक्षकाला त्यातला एकच मिळतो, बाकीचे डब्यात जातात. रेनालने तो डबाच आपल्यासमोर उघडलाय. वर्षानुवर्षं दुसऱ्यांचं कापत बसलेल्या दिग्दर्शकाला हे सुचेल, पण नुसत्या दिग्दर्शकाला सुचणं कठीण. १९७६मध्ये ‘कॅमेरा ऑब्स्क्युरा’ या स्त्रीवादी नियतकालिकाने पहिल्याच अंकात या सिनेमाची दखल घेतली. रास्तच. पण पडद्यावरच्या बाईइतकीच टेबलावरची बाईही त्यात आहे.

कापणं-चिकटवणं म्हणजे शिवणकामासारखंच, बारीक, चिकाटीचं, बायकांना जमणारं. असं समजून हे टेबल कित्येक वर्षं बायकांकडे दिलं गेलं. त्याला कला म्हणायची वेळ आली की मात्र दिग्दर्शकाचं नाव पुढे.

पुढे रेनाल न्यूयॉर्कला गेली आणि तिने ब्लीकर स्ट्रीट सिनेमा या थिएटरचे कार्यक्रम ठरवले. कुठला सिनेमा लावायचा, कशानंतर काय, काय वगळायचं. याला आता तरी ‘सिनेमा सोडून थिएटर चालवलं’ असं म्हणू नका.